हरण्याची जोड

इसाकचाचा गाडी चावून बघतात, असं मी लहानपणी मैत्रिणींना सांगायचे, आणि ते अगदीच खोटं नव्हतं. आत्ताही ते तेच करतायत. नसरापूरच्या बाजारपेठेच्या मागच्या अंगाला त्यांचं पत्र्याचं गॅरेज आहे. त्याच्या दारात आमची छोटी पांढरी गाडी चालू ठेवून उभी केलीय, बॉनेट उघडं आहे, आणि चाचांनी वाकून एका लांब पेचकसाचं टोक इंजिनाला लावलंय. पेचकसाची लाकडी मूठ त्यांच्या दातांत आहे. डोळे मिटलेले, डावा हात पत्र्यावर पसरलेला. चाचांना ऐकू येत नाही. माझ्या आठवणीत तरी कधीच आलेलं नाही. पण इंजिनात काय चाललंय ते दातांतून आणि तळहातातून त्यांच्यापर्यंत पोचतं. वीस-एकवीस वर्षं हे बघत आलेय, तरी आज पुन्हा मी आ वासून उभी आहे.

गाडी तीस वर्षांची होत आली. तीनदा पासिंग वाढवून घेतलं, चौथ्यांदाची तारीख संक्रांतीनंतर येते. पुण्यात मी दोन मोठ्या गॅरेजांत तिला नेलं होतं. दोन्हीकडं बॉनेट न उघडताच "मॅडम, हिचा नाद सोडा" असं उत्तर मिळालं. दादा, म्हणजे माझे वडील, वेल्ह्याजवळ आमच्या गावी असतात. तालुक्याचं नाव आता राजगड झालंय, पण आमच्या तोंडी वेल्हंच बसलंय. दादांचे गुडघे गेलेत, चार वर्षांत त्यांनी स्टिअरिंगला हात लावलेला नाही. आज सकाळी मी गाडी बाहेर काढली तेव्हा ते काठी टेकून गोठ्याच्या दारात उभे राहिले.

"इसाकभाई म्हंतील ती पूर्व दिशा," ते म्हणाले. "करतो म्हनले तर बरं. न्हाई म्हनले तर तकडनंच मोडीत देऊन ये. माघारी आनू नको. आनलीस तर माझ्यानं देववायचं न्हाई."

म्हणजे आज निकाल आहे, आणि तो त्या पेचकसाच्या मुठीत आहे. मी उगाच आजूबाजूला बघतेय. भिंतीला जुन्या टायरांची उतरंड, कोपऱ्यात रॉकेलचं पातेलं, आणि चाचांच्या खांद्यावर ते फडकं. त्या फडक्याला रॉकेल, ग्रीस आणि घाम यांचा मिळून जो वास येतो तो मला डोळे बांधले तरी ओळखता येईल. तो आला की मी बारा वर्षांची होते, त्याला माझा इलाज नाही.

त्या वर्षी आमच्या गोठ्यात हरण्या बैल एकटा होता. त्याची जोड, पाखऱ्या, गेला होता. कसा गेला ते मला कुणी नीट सांगितलं नाही आणि मीही विचारलं नाही. दोघांच्या दावणी शेजारी शेजारी होत्या. हरण्या सवयीनं आपल्याच अर्ध्या जागेत अंग चोरून बसायचा आणि आबा, माझे आजोबा, रोज सकाळी दोन्ही जागा झाडायचे. पाखऱ्याच्या जागेवर शेण नसायचं, काडी नसायची, तरी खराटा तिथं तेवढाच वेळ फिरायचा. भाताच्या पेंढ्याचा आणि ओल्या मातीचा वास असलेला तो गोठा तेव्हा फार मोठा वाटायचा.

हरण्याला जोड मिळेना. मिळाली ती आबांच्या मनाला येईना. खाचरातली चिखलणी तोवर भाड्याच्या यंत्रानं व्हायला लागली होती. दादांनी एके दिवशी धीर करून विषय काढला, की आता बैलाऐवजी एखादी जुनी छोटी गाडी घेऊ, दवाखान्याला आणि बाजाराला बरी पडेल. आबा दोन दिवस गोठ्यातच बसून होते. तिसऱ्या दिवशी जेवता जेवता म्हणाले, "आदी मला दाव. जनावर बगितल्याबिगर दावनीला आनायचं न्हाई."

गाडी भोरमध्ये एका निवृत्त कारकुनांच्या दारात होती. तिची देखभाल इसाकचाचांकडं असायची, म्हणून तेही आले होते. आबांनी पटका सारखा केला आणि गाडीभोवती एक फेरी मारली. मग मागून पुन्हा एक. टपावर थाप मारली. खाली बसून चारी टायर हातानं चाचपले आणि "खुरं बरी हायती" म्हणाले. मग मालकांना विचारलं, "दात किती?"

दादांना मेल्याहून मेल्यासारखं झालं. "आबा, गाडी हाय ती," ते पुटपुटले.

चाचा आबांच्या ओठांकडं टक लावून बघत होते. ते अगदी गंभीरपणे म्हणाले, "आठ वर्सांची हाय, आबा. जुळलेली."

जुळलेला बैल म्हणजे सगळे दात आलेला, ऐन कामाचा. आबांनी त्या माणसाकडं पहिल्यांदा नीट बघितलं. मग गाडी एका चढाच्या गल्लीत नेऊन वर घालायला लावली आणि स्वतः पायथ्याशी कमरेवर हात ठेवून उभे राहिले. चढ सुरू होतो तिथं गाडी क्षणभर दबली आणि सरळ वर गेली. "मान टाकत न्हाई," आबा म्हणाले. त्यांच्यापुरता विषय संपला होता.

राहिला भाव. आबा मालकांशी बोलायलाच तयार नव्हते. "जो जनावर वळकतो त्याच्यासंगं बोलनार," असं म्हणून त्यांनी खांद्यावरचा रुमाल काढला आणि चाचांपुढं हात केला. मला वाटलं, आता फजिती होणार. बैलबाजारात भाव तोंडानं करत नाहीत. दोघांचे हात रुमालाखाली जातात, बोटं धरून आकडा सांगायचा, बोटं दाबून तो वाढवायचा नाहीतर सोडायचा, आणि चारचौघांत उच्चार करायचा नाही. हे गॅरेजवाल्याला कुठून ठाऊक असणार? पण चाचांनी हात पुसत पुसत पुढं केला. त्यांचे वडील बैलबाजारात नाल ठोकायचे, हे आम्हाला नंतर कळलं. रुमालाखाली दोन हात हलत होते. वर दोन चेहरे होते, त्यांतला एक ऐकू न येणारा आणि एक बोलू न इच्छिणारा. आजूबाजूला दादा, मालक, मी, सगळे रुमालाकडं बघत. मग आबांनी रुमाल झटकून खांद्यावर टाकला. ठरलं होतं. किती ते आबांनी घरी येईपर्यंत सांगितलं नाही. ज्याला कान नाहीत त्याच्याशी सगळ्यांत स्वच्छ बोलता येतं, हे मी त्या दिवशी बघितलं.

भोरहून घरी येतानाचा रस्ता मला अजून तुकड्यातुकड्यानं दिसतो. नसरापूर मागं पडलं आणि डाव्या खिडकीत राजगड आला. एसटीतून तो मी किती तरी वेळा बघितला होता, पण कुणाच्या तरी काखेतून, पिशव्यांच्या मधून. आज अख्खी खिडकी माझी होती. झाडं मागं पळत होती, माणसं मागं पळत होती, राजगड मात्र आमच्याबरोबर चालत होता. मग समोरच्या काचेत तोरणा वर यायला लागला. पुढं बसलेल्या आबांनी दोन्ही हातांनी डॅशबोर्ड धरून ठेवला होता, कासरा धरावा तसा, आणि प्रत्येक उताराला ते तोंडानं "हो, हो" करत होते. गाडी तेवढ्यापुरती हळू व्हायची. ब्रेक दादा मारतायत, हे आम्हा दोघांच्याही लक्षात येत नव्हतं.

गाडी पाखऱ्याच्या जागेवर उभी राहिली. दुसरीकडं छप्पर नव्हतं आणि आबांना दुसरी जागा सुचलीही नसती. हरण्यानं पहिली रात्र उभं राहून काढली. दुसऱ्या दिवशी त्यानं आरसा चाटून बघितला. थंडी पडेपर्यंत त्याची आणि गाडीची गट्टी जमली होती. दादा बाजारातून आले की तो मान लांब करून गरम बॉनेटवर हनुवटी टेकवायचा आणि डोळे मिटायचा. आबा येणाऱ्या-जाणाऱ्याला ती गाडी दाखवायचे आणि म्हणायचे, "हरन्याची जोड."

त्या गाडीत पेंढ्याचा आणि पेट्रोलचा मिळून एक वास असायचा. काच थोडी खाली राहिली तर कोंबडी मागच्या सीटवर अंडं घालून जायची. सकाळी दादा चोक ओढायचे. खर्र, खर्र, आणि तिसऱ्या खर्रला इंजिन धरायचं. आई चुलीपाशी त्या आवाजावर चहाचं आधण ठेवायची. पण त्याआधी आबांचं एक काम असायचं. ते बॉनेट उघडून तांब्यानं रेडिएटरमध्ये पाणी बघायचे. हरण्याला पाणी दाखवायचं, गाडीला दाखवायचं, मग स्वतःच्या तोंडाला लावायचं. रोज पाणी लागत नाही, असं दादांनी किती वेळा सांगितलं. आबा म्हणायचे, "लागत नसंल. इचारायला काय जातंय?"

मग पहिला बेंदूर आला. बैलांचा सण. आदल्या संध्याकाळी हरण्याचे खांदे हळद-तेलानं मळले, सकाळी त्याला ओढ्यावर नेऊन घासला, शिंगं रंगवली. गाडीलाही आंघोळ झाली. आरशाला गोंडा बांधला, बॉनेटवर हळदीचा हात उमटला, पुरणपोळीचा नैवेद्य दोघांपुढं ठेवला. गाडीच्या वाटची पोळी हरण्यानंच खाल्ली. त्या दिवशी बैलाला जुंपत नाहीत म्हणून गाडीही हलवायची नाही, असं आबांनी फर्मान काढलं. दादा हसले आणि चालत गेले.

दुसऱ्या दिवशी भोरच्या शाळेत माझं आठवीला नाव घालायचं होतं. मुदतीचा शेवटचा दिवस. गावात सातवीपर्यंतच शाळा होती. नाव घातलं गेलं नाही तर वर्ष घरी, आणि एकदा घरी बसलेली मुलगी पुन्हा शाळेत जाते असं मी फारसं बघितलं नव्हतं. नातीचं नाव घालताना बघायचं म्हणून आबाही निघाले. मार्गासनीच्या पुढं आलो आणि तापमानाचा काटा वर चढला, बॉनेटमधून वाफ यायला लागली. दादांनी गाडी कडेला घेतली, थोडं बघितलं, काही कळलं नाही. मिळाला तो टेम्पो पकडून ते चाचांना आणायला नसरापूरला गेले.

गाडीत मी आणि आबा उरलो. आबा हातातला रुमाल पिळत होते. बऱ्याच वेळानं त्यांनी माझ्याकडं न बघता विचारलं, "तुजी साळा किती वाजता बंद हुती?"

"पाचला."

"म्या केलं हे," आबा म्हणाले. "महिनाभर कुरकुरत व्हती आतनं. म्हनलं, सनाचं तरी तिला बरं वाटावं. चाकाचा आस कुरकुरला की तेल सोडतो, तसं आतल्या पट्ट्यावर गोडंतेल सोडलं. चांगलं वाटीभर. लगीच गप झाली गं ती."

गाडीच्या आत एक रबरी पट्टा असतो. तो फिरतो म्हणून पाणी खेळतं आणि इंजिन गार राहतं. कुरकुरणाऱ्या पट्ट्याला तेल घातलं की तो गप्प होतो खरा, पण मग नुसता घसरत राहतो. हे मला आज ठाऊक आहे. तेव्हा एवढंच दिसत होतं, की माझ्या आबांची मान खाली गेलीय. मी ती तशी कधी बघितली नव्हती.

चाचा आले. हात टेकवला, वाकले. पट्ट्यावरून बोट फिरवून नाकाशी नेलं, मग जिभेला लावलं. गोडंतेल. त्यांनी वर बघितलं ते थेट आबांकडं. दादा मागून विचारत होते, काय झालं, काय झालं. चाचांना ऐकू येत नव्हतं, पण ते वळून दादांना सामोरे झाले आणि म्हणाले, "पट्टा जुना झालता. म्या मागंच बदलाया पायजे व्हता. चूक माजी हाय."

दादा कॅन घेऊन ओढ्यावर पाण्याला गेले. मग मी पुन्हा तो रुमाल बघितला. आबांनीच तो पुढं केला, चाचांचा हात आत ओढून घेतला. भाव कसला करायचा होता? आबांनी त्यांची बोटं धरली नाहीत, दोन्ही हातांनी तो अख्खा हात धरला आणि धरूनच ठेवला.  चाचांनी मान हलवली. मग नवा पट्टा चढला, आम्ही चारच्या आत शाळेत पोचलो, आणि रजिस्टरात माझं नाव पडताना आबा दारातून वाकून बघत होते. घरी हे कुणी कधी बोललं नाही. दादांना आजपर्यंत ठाऊक नाही, असं मी धरून चालते.

नंतरची वर्षं कशी गेली ते मला ओळीनं सांगता येत नाही. कापणी झालेल्या खाचरात मी गाडी शिकले, धसकटं खाली कडकड मोडायची. पाबे घाटातून पानशेतला जाताना एका वळणावर अचानक पाणी दिसायचं आणि दरवेळी आई "अगबाई" म्हणायची. दर दोन-तीन महिन्यांनी चाचांकडं फेरी व्हायची. ते कधी एखादी नळी बदलायचे, कधी बाजारात न मिळणारी कडी हातानं वाकवून करायचे, आणि जुना भाग फडक्यात बांधून आबांना द्यायचे. आबा ते सगळे भाग गोठ्याच्या आढ्याला टांगून ठेवायचे, पाखऱ्याच्या घुंगरमाळेशेजारी. एका भाद्रपदात हरण्या गेला. पुढच्या थंडीत आबा. भोरच्या दवाखान्यातून आम्ही त्यांना ह्याच गाडीतून घरी आणलं तेव्हा चढाला त्यांनी डोळे उघडले होते. काय म्हणाले ते इंजिनाच्या आवाजात मला ऐकू आलं नाही. गाडीत चाचा असते तर त्यांना ओठांवरून कळलं असतं, असं मला अजून वाटतं.

चाचांनी पेचकस काढला. मूठ शर्टाला पुसली आणि हातानं खूण केली, बंद कर. मी किल्ली फिरवली.

"इंजन माज्यापेक्शा ठणठणीत हाय," ते म्हणाले.

मग ते टॉर्च घेऊन गाडीखाली सरपटले. पेचकसाची मूठ तळावर आपटल्याचा आवाज आला, आणि गंजाचा भुगा खाली पडताना मला दिसला. ते बाहेर आले तेव्हा त्यांच्या भुवया लाल झाल्या होत्या.

"पत्रा गेला, पोरी. तळ समदा नवा घालाया लागंल. तो इकत मिळत न्हाई, हातानं ठोकून करावा लागतोय. त्याबिगर पासिंग व्हायचं न्हाई."

"कराल का, चाचा?" मी त्यांच्यासमोर तोंड नीट करून विचारलं.

ते गॅरेजकडं बघत राहिले. दिवाळीला ते शटर कायमचं ओढणार, भोरच्या लेकीकडं जाणार, हे नसरापुरात सगळ्यांना ठाऊक आहे. हात दुखतात, थंडीत बोटं मिटत नाहीत. त्यांना हे काम सांगणं बरं नव्हे, हे मलाही कळत होतं. मी पर्समधल्या आरसीवर, गाडीच्या नोंदणीच्या कार्डावर, बोट फिरवत राहिले. मोडीत देताना ती लागते म्हणून सकाळी आठवणीनं घेतली होती. 

चाचांनी खांद्यावरचं फडकं काढलं आणि हात पुढं केला.

मला क्षणभर कळलंच नाही. त्या फडक्याखाली मी कधी गेले नव्हते, नेहमी बाहेरून बघणारी होते. मी हात आत घातला. तळहात खरबरीत, गरम, आणि अजून इंजिनाची थरथर त्यात होती. चाचांनी माझी बोटं एकेक करून धरली, हळू, चुकू नये म्हणून. ते महिने होते. किती, ते मी इथं लिहिणार नाही. तसं करत नाहीत. पण दिवाळी त्यांत मागं पडत होती आणि संक्रांत अजून पुढं होती, एवढं मला मोजता आलं. उत्तर द्यायचं असतं हे ठाऊक होतं, कसं द्यायचं ते ठाऊक नव्हतं. मग मी मार्गासनीला बघितलं होतं तेच केलं. दुसराही हात आत घातला आणि तो अख्खा हात धरून ठेवला. माझ्या डोळ्यांना पाणी आलं आणि मी ते येऊ दिलं.

"आबांचाच हात हाय," चाचा म्हणाले, आणि फडकं झटकून खांद्यावर टाकलं.

गाडी तिथंच ठेवून मी शेअर रिक्षाच्या थांब्याशी आले. वेल्ह्याकडं जाणारी रिक्षा भरायची होती. दादांचा फोन आला. त्यांनी नमस्कार-चमत्कार काही केलं नाही.

"काय म्हनले इसाकभाई?"

"रुमालाखाली झालंय, दादा."

 आकडा त्यांनी विचारला नाही.

"बरं," दादा म्हणाले. "मग म्या तिची जागा झाडून ठिवतो."